नावाचं शेपूट

सकाळी धान्यकोठारांपुढच्या ओवरीत येदायाहू समोरून आला, त्यानं मान किंचित तुकवली, "शालोम, गद्दीयो," म्हणाला आणि आपल्या वाटेनं निघून गेला. झालं ते एवढंच. खांद्यावर राजवाड्याच्या कारभाऱ्याची ती लांबलचक लाकडी किल्ली, चेहऱ्यावर झोप पुरी न झाल्यासारखं नेहमीचं हसू, आणि चालताना डावा पाय जरासा ओढायची लकब. गद्दियाहू मात्र खांबाला हात लावून उभाच राहिला. आपण नीट ऐकलं ना? की शेवटचं अक्षर एखाद्या गाढवाच्या खुराखाली सापडलं? पण ओवरीत त्या वेळी गाढव नव्हतं. होता तो आढ्यावरचा एक पारवा, आणि तोही गप्प बसला होता. यरुशलेमात माणसं पुष्कळ काही गिळतात. शेजाऱ्याचा बांध गिळतात, विधवेचे सातू गिळतात, दिलेला शब्द तर न चावताच गिळतात. पण नावाच्या शेवटी 'याहू' येतो, म्हणजे खुद्द देव, त्याला कुणी गिळत नाही. गद्दि-या-हू. ओठांचा चंबू करून तो 'हू' पुरता बाहेर सोडायचा, ही इथली रीत. नावाचं शेपूट तोडतात ते उत्तरेचे, शोमरोनकडचे. आणि शोमरोन जाऊन आता एक पिढी उलटली होती. अश्शूरच्या फौजेनं ते शहर धुळीला मिळवलं, माणसं दावणीला बांधून दूरदेशी नेली, आणि जी हाती लागली नाहीत ती डोक्यावर गाठोडी घेऊन दक्षिणेला, यरुशलेमच्या वेशीशी येऊन पडली. त्यांतल्याच एका गाठोड्यावर बसून, बापाच्या केसांना धरून, गद्दीयो आला होता. हे शहरात कुणाला ठाऊक नव्हतं. बायकोलासुद्धा नव्हतं.

गंमत अशी की भीती लगेच आली नाही. आधी आली ती ऊब. पोटात, बेंबीच्या जरा वर, ती अलगद पसरली आणि गुडघ्यांपर्यंत उतरली. ही हाक त्यानं शेवटची ऐकली होती ती आईच्या तोंडून. मिश्नेच्या, शहराच्या नव्या वस्तीत, भिंतीला टेकून उभारलेल्या छपरात तिला ताप भरला होता. ती पाणी मागत नव्हती, काही सांगत नव्हती, नुसतं नाव घेत होती. गद्दीयो, गद्दीयो. बापानं तिच्या तोंडावर हात ठेवला. हळूच ठेवला, पण ठेवला. शेजारी ऐकतील म्हणून. मरणाऱ्या बाईला मुलाचं नाव पुरतं घेऊ दिलं नाही, हे गद्दियाहूनं बापाला कधी माफ केलं नाही, आणि बापाचं बरोबरच होतं हेही त्याला पहिल्यापासून कळत होतं. बाप शेमा द्राक्षमळ्यांतला माणूस. वेशीवरच्या पहारेकऱ्यानं त्याला विचारलं होतं, काय काम करतोस? उत्तरेत द्राक्षारसाला 'येन' म्हणतात, यरुशलेमात 'याईन'. बापाच्या तोंडून सवयीनं 'येन' गेलं. पहारेकरी पोट धरून हसला. "येन करतो म्हणे! अरे, याची अर्धी जीभ मागंच राहिली रे, कुणीतरी जाऊन घेऊन या." त्या हसण्याचा बापानं धसका घेतला तो जन्मभराचा. रोज दिवेलागणीला तो मुलाला पुढ्यात बसवी. याईन म्हण. पुन्हा म्हण. चुकलं की मांडीला चिमटा. आपण कुठले? हेब्रोनच्या खालच्या अंगाचे. नाव काय? गद्दियाहू. शिक्का कोरणाऱ्याकडून त्यानं मुलाच्या जुन्या शिक्क्यात 'ह'चं एक अक्षर वाढवून घेतलं, पण जागा उरली नव्हती, म्हणून ते दोन अक्षरांच्या मध्ये अंग चोरून उभं राहिलं. तोच शिक्का अजून गद्दियाहूच्या गळ्यात होता. विचार करताना तो बोटानं त्याच अक्षराशी चाळा करी.

आणि असल्या माणसानं व्हावं काय, तर राजाचा स्मरणकार! दैव थट्टा करायला बसलं की हात राखत नाही. सिंहासनाच्या उजव्या अंगाला उभं राहायचं, समोर येणाऱ्या प्रत्येकाचं नाव बापाच्या नावासकट खणखणीत पुकारायचं, आणि राजाच्या कानाशी लागून सांगायचं की याच्या आज्यानं तटबंदीसाठी दगड दिले होते, याच्या भावाला गेल्या साली माफी मिळाली होती. स्मरणकाराच्या तोंडून निघालं ते नाव पक्कं. तो ज्याला ज्याचा मुलगा म्हणेल, त्याचा तो मुलगा. जमिनीचे तंटे त्याच्या एका शब्दावर सुटत. लोक म्हणत, गद्दियाहूची जीभ म्हणजे गीहोनच्या झऱ्यातला धोंडा, पाणी कितीही आलं तरी जागचा हलायचा नाही. त्याचं त्यालाच कधी कधी हसू येई. दुनियेची आठवण ठेवायची नोकरी, आणि स्वतःची तेवढी विसरायची. पण ते हसू या आठवड्यात आटलं होतं. राजानं मिसरच्या दरबाराशी गुपचूप बोलणं लावलं होतं, आणि ते शोमरोनात बसलेल्या अश्शूरी सुभेदाराला जसंच्या तसं कळलं. सुभेदाराचा माणूस येऊन भरदरबारात हसत हसत बोलून गेला, की मिसरचा बोरू टेकायला घेतला तर तळहातात घुसतो, जपा. राजाचा चेहरा राखेसारखा झाला. आतलं बोलणं बाहेर कोण नेतं? नगराधिकारी शाफातनं तिथल्या तिथं निकाल दिला: ज्याची नाळ शोमरोनात पुरलेली, तोच. उत्तरेचा कुणी दरबारात असेल तर त्यानं आपण होऊन सांगावं आणि मानानं घरी जावं. लपवलं आणि नंतर उघडकीला आलं, तर पहारेकऱ्यांच्या चौकातला कोरडा हौद आहेच. त्या हौदाच्या तळाशी घोट्यापर्यंत चिखल असतो आणि वरून भाकरी टाकतात. शाफात म्हणजे गद्दियाहूचा सख्खा मेहुणा. आपण होऊन सांगायची वेळ त्याच दिवशी सूर्य मावळताना संपली, आणि गद्दियाहू ती संपेपर्यंत घराच्या गच्चीवर बसून अंजिरं सोलत होता.

तर मग येदायाहूला कळलं कसं? आणि कळलं, तर शाफातकडं न जाता तो ओवरीत शालोम कशाला करतो? ओवरीतून खालच्या पायऱ्यांकडं जाताना गद्दियाहूच्या डोक्यात हे चक्र सुरू झालं. त्याचं उत्तरही तयारच होतं. येदायाहूला खात्री नसणार. त्यानं खडा टाकून पाहिला. आपण वळून बघितलं का? थांबलो, हे त्यानं पाहिलं का? त्याची पाठ होती. पण कोपऱ्यावर वळताना त्यानं मान जराशी कलती केली होती. की किल्ली सावरली होती? गेल्या हिवाळ्यात हा माणूस कारभारी झाला, तेव्हापासूनच गद्दियाहूला तो खुपत होता. राजवाड्याचा कारभारी, ज्यानं उघडलं ते कुणी लावायचं नाही आणि लावलं ते कुणी उघडायचं नाही, असा ज्याचा मान, त्यानं स्मरणकाराशी इतकं गोड का बोलावं? एकदा म्हणाला, तुमचे वडील कुठं पुरलेत? गद्दियाहूनं हेब्रोन सांगितलं. तो "हं" म्हणाला. त्या 'हं'वर गद्दियाहूनं चार दिवस काढले होते. मग ती मसूर. येदायाहूच्या घरून एक मडकं आलं, बायकोनं पाठवलंय म्हणून. झाकण काढलं आणि वास आला, जिऱ्याचा, आणि त्यात आंबट डाळिंबाचा रस. यरुशलेमात मसुरीत डाळिंब कुणी पिळत नाही, हसतील लोक. गद्दियाहूनं बोट बुडवून चाटलं. आईच्या हातची मसूर. डोळ्यांत पाणीच आलं. आणि दुसऱ्याच क्षणी अंगावर काटा आला: हे मुद्दाम पाठवलंय. खाऊन परत मडकं धाडताना आपण काय म्हणतो, ते ऐकायचंय त्याला. त्यानं ती सगळी मसूर मागल्या गल्लीत कुत्र्याला घातली आणि निरोप दिला, फार तिखट होती, मुलांना सोसली नाही.

एकदा वाटून गेलं होतं, हा आपल्यातलाच तर नसेल? पण तो विचार त्यानं झुरळासारखा झटकला. उत्तरेचा माणूस आणि खांद्यावर राजवाड्याची किल्ली? येदायाहू दक्षिणेतल्या तकोवाचा, मेंढपाळांच्या गावचा, हे सगळ्यांना ठाऊक होतं. शिवाय आपल्याला असं वाटावं, हेच तर त्याला हवं असणार. आपण विरघळून त्याच्या गळ्यात पडायचं, आणि पडद्यामागून शाफात बाहेर यायचा. संशयाचं एक बरं असतं, त्याला काही कमी पडत नाही; गोड बोललं तरी तो जेवतो, कडू बोललं तरी जेवतो. पायऱ्या उतरता उतरता गद्दियाहूला लहानपणच्या गल्लीतल्या पोरांसारखा राग आला. तू मला गद्दीयो म्हणतोस काय? मग तू येदायो. येदायो, येदायो, लंगडा येदायो. पायरीगणिक तो मनात म्हणत गेला, आणि त्यानं जरा बरंही वाटलं.

दुपारी तो कपडे बदलायला घरी आला. आज नव्या द्राक्षारसाचा दरबार होता. द्राक्षं तुडवून झाली की दरबारचे सगळे मानकरी ओळीनं राजापुढं येत, आपापल्या मळ्यातला पहिला पेला राजाच्या मोठ्या रांजणात ओतत, आणि स्मरणकार पुकारा करी: अमुक बिन तमुक, याच्या मळ्यातलं याईन. त्याच्या बायकोनं, मिलकानं, तागाचा झगा झटकून ठेवला होता. ती जुन्या यरुशलेमी घरातली, बोलताना प्रत्येक 'हू' असा फुंकायची की दिवा विझावा. त्याच्या दाढीला तेल चोळताना ती म्हणाली, "शाफातदादा येऊन गेला सकाळी. म्हणतो, एक नाव हाताशी आलंय. दरबारातलंच. आज बघतो म्हणाला."

"कुणाचं?"

"मला कशाला सांगतोय? नुसता हसत होता. आणि म्हणाला, भाऊजींना म्हणावं आज आवाज मोठा ठेवा." तिनं त्याची मान वळवली. "अहो, हलू नका ना. घाम किती आलाय तुम्हाला."

भाऊजींना म्हणावं आवाज मोठा ठेवा. याचा अर्थ काय घ्यायचा? तेलाचा वास नाकात शिरला, गंधरसाचा आणि खाली कुठंतरी खवट झालेल्या जैतुनाचा. मिलकाची बोटं हनुवटीखालून गळ्यावर आली, शिक्क्याच्या दोरीला अडली. तिनं शिक्का उचलून झग्यावर नीट मधोमध बसवला आणि त्यावरून अंगठा फिरवला. दाटीतल्या त्या अक्षरावर तिचा अंगठा थांबला, की त्याला नुसतं वाटलं? इतक्या वर्षांत ती याविषयी कधी काही बोलली नव्हती. न बोलणं हेही बोलणंच असतं. ती झोपेत आपलं बोलणं ऐकत असेल. झोपेत आपण कोणत्या जिभेनं बोलतो, हे जगात फक्त तिला ठाऊक, आणि ते तिला विचारायची सोय नाही. "तुमचा जीव कशात आहे?" असं काहीतरी ती विचारत होती. तो म्हणाला, गर्मी आहे, दुसरं काही नाही. वाटेत ओफेलचा चढ चढताना त्यानं ओठांतल्या ओठांत घोकायला सुरुवात केली. याईन. याईन. याईन. मांडीला जिथं बाप चिमटा घ्यायचा तिथं दुखू लागलं. आज हा शब्द कितीतरी वेळा घ्यायचा होता, आणि एकदा जरी 'येन' निघालं, तर वर हौदाचं तोंड आणि त्यातून पडणारी भाकरी. मिलकाला माहेरी नेतील. मुलांना गल्लीतली पोरं शेपूटतोडे म्हणतील.

सभागृहात गर्दी होती, द्राक्षांचा आंबूस वास होता, माशा होत्या. राजा उंच आसनावर बसला होता आणि त्याचं लक्ष कुणाकडंच नव्हतं. मिसरचं प्रकरण झाल्यापासून तो स्वतःच्या नखांकडं बघत बसे. गद्दियाहू आपल्या जागी उभा राहिला. समोर खांबाशी शाफात, कमरेवर दोन्ही हात. त्याची नजर कुणावर होती? स्मरणकारावर? की स्मरणकाराच्या पलीकडं, जिथं किल्लीवाला उभा होता? येदायाहूनं त्याच्याकडं पाहिलं आणि तो हसला. तेच झोपेतलं हसू. मग त्यानं डोळ्यांनी काहीतरी केलं, म्हणजे पापण्या एकदा मिटून उघडल्या, सावकाश. इशारा? कुणाला? आता गद्दियाहूला कळलं की ठरलेलं आहे. येदायाहू पेला घेऊन पुढं येणार आणि सगळ्यांदेखत पुन्हा म्हणणार, शालोम, गद्दीयो. आणि शाफात म्हणणार, काय म्हणालात कारभारी? पुन्हा म्हणा.

पुकारा सुरू झाला. "शाफात बिन होशामा, याच्या मळ्यातलं याईन." बरोबर. 'या' सुटा, 'ईन' सुटं. शाफात पेला ओतून मागं सरला. "मालकीयाहू बिन हासुब, चिटणीस, याच्या मळ्यातलं याईन." बरोबर. गद्दियाहूचा सगळा जीव त्या एका शब्दावर गोळा झाला होता. नावं आपोआप निघत होती, त्यांच्याकडं बघायची गरजच नव्हती. याईन येतंय, आता याईन येतंय, सांभाळ. पुढच्या दाराला माणूस कडीवर कडी घालत बसतो आणि मागलं दार सताड उघडं राहतं. येदायाहू पुढं आला. डावा पाय ओढत, एका हातानं किल्ली धरून, दुसऱ्या हातात पेला. जवळ, आणखी जवळ. त्यानं तोंड उघडायच्या आत आपण पुकारायला हवं, एवढंच गद्दियाहूच्या मनात आलं, आणि त्यानं घाईनं, नेहमीपेक्षा मोठ्या आवाजात पुकारा केला.

"येदायो बिन एला, याच्या मळ्यातलं याईन."

याईन बरोबर आलं होतं. ते बरोबर आलं याचं समाधान क्षणभर त्याच्या छातीत मावेना, आणि मगच सभागृहात पडलेली शांतता त्याला ऐकू आली. नुसत्या माशांचा आवाज होता. आपण काय बोललो, ते त्याला बाकीच्यांच्या चेहऱ्यांवरून कळलं. संपलं. जीभ घसरली, आणि अशी घसरली की ती कुठल्या मातीतली हे शेंबड्या पोरानंही ओळखावं. यरुशलेमचा माणूस अडखळला तर तोतरेल, एकाला दुसऱ्याचं नाव देईल. पण देवाचं शेपूट तोडून टाकणार नाही. ते तोडतो तोच, ज्यानं कधीतरी ते तोडलेलंच ऐकलं. त्यानं शाफातकडं पाहिलं. शाफात त्याच्याकडं बघतच नव्हता. कुणीच बघत नव्हतं. सगळं सभागृह येदायाहूकडं बघत होतं. आणि येदायाहूचा चेहरा पांढरा पडला होता, हातातला पेला कलला होता, आणि थोडा द्राक्षारस त्याच्या मनगटावरून कोपराकडं वाहत चालला होता.

तेव्हा गद्दियाहूला कळलं. दोन गोष्टी एकदम कळल्या. स्मरणकाराची जीभ घसरत नाही, म्हणून त्यानं पुकारलं ते नाव खरं, असं सगळ्यांनी धरलं होतं. आणि ते खरंच होतं. एलाचा मुलगा येदायो. मसुरीत डाळिंब पिळणारी बायको त्याला घरात याच नावानं हाक मारत असणार. शिक्क्यातलं ते दाटीतलं अक्षर त्यानं कधीच वाचलं असणार. सकाळची ती हाक खडा टाकणं नव्हतं, सापळा नव्हता. राजवाड्याच्या एवढ्या मोठ्या पसाऱ्यात एका माणसानं दुसऱ्या माणसाला फक्त हाक मारली होती. कुणाला तरी मारावीशी वाटली म्हणून मारली होती.

राजानं नखांवरून नजर उचलली. "काय पुकारलंस?"

शाफात पुढं सरसावला. त्याच्या हाताशी नाव आलं होतं ते हेच, हे आता दिसतच होतं. पुरावा नव्हता, तो आयता पुढ्यात पडला होता. राजानं त्याला हातानं थांबवलं आणि पुन्हा विचारलं, "स्मरणकार, तुझी जीभ घसरली, की तुला काही ठाऊक आहे?"

घसरली म्हणावं, तर पुढचा प्रश्न ठरलेला: अशी कशी घसरली? तो प्रश्न राजा विचारणार नाही, शाफात विचारील, आणि रात्री जेवताना विचारील, आणि मग विचारतच राहील. घसरली म्हणावं, तर येदायाहू कदाचित वाचेल, कदाचित नाहीच. त्याच्या मनगटावरून द्राक्षारस अजून ठिबकत होता. तो गद्दियाहूकडं बघत होता, आणि त्या बघण्यात राग नव्हता, विनवणी नव्हती. नुसतं वाट पाहणं होतं. इतका वेळ कुणी आपल्याकडं बघू नये, असं गद्दियाहूला वाटलं. मग त्याला स्वतःचा आवाज ऐकू आला, खणखणीत, जागचा न हललेला.

"स्मरणकाराचं काम नाव सांगायचं, महाराज. मी सांगितलं."

पुढचं सगळं लवकर झालं. शाफातनं विचारलं, गाव कोणतं? येदायाहू आधी तकोवा म्हणाला, मग एकदम थकल्यासारखा म्हणाला, शमीर. उत्तरेच्या डोंगरातलं. मिसरची बातमी आपण फोडलेली नाही, एवढं तो दोनदा बोलला. ते कुणी ऐकलं नाही, आणि ते खरं आहे याची गद्दियाहूला मनोमन खात्री होती. शाफातनं दंडाला धरून त्याला ओळीकडं वळवलं आणि विचारलं, तुमच्यासारखा इथं आणखी कोण आहे? एक नाव द्या, हौदाऐवजी वेशीबाहेर सोडतो. येदायाहूनं ओळीवरून नजर फिरवली. चिटणीसावरून, भांडाऱ्यावरून, सिंहासनाच्या उजव्या अंगाला उभ्या असलेल्या माणसावरून. गद्दियाहूच्या कानांत गीहोनचं पाणी घुमू लागलं. येदायाहू म्हणाला, "कुणी नाही."

कारभारी पदावरून उतरला की रिवाज असा: नवा नेमला जाईपर्यंत किल्ली स्मरणकाराच्या खांद्यावर ठेवायची, आणि ज्याला देतो त्याचं नाव उतरणाऱ्यानं सर्वांदेखत घ्यायचं. येदायाहू पाय ओढत त्याच्यापाशी आला. एवढा जवळ, की त्याच्या श्वासाला येणारा जिऱ्याचा वास जाणवला. आता. आता तो म्हणेल. म्हणावं त्यानं, त्याचा हक्कच आहे, असं गद्दियाहूला वाटलं, आणि त्याच क्षणी, म्हणू नये, असंही वाटलं, दोन्ही खरं होतं. येदायाहूनं किल्ली आपल्या खांद्यावरून काढली, त्याच्या खांद्यावर ठेवली, ती नीट बसली का ते पाहिलं, आणि ओठांचा चंबू करून, एकेक अक्षर सुटं करून, अगदी यरुशलेमी थाटात म्हणाला, "घ्या. गद्दियाहू बिन शेमा." तो 'हू' केवढा तरी लांबला. मग पहारेकरी त्याला घेऊन गेले, आणि राजा म्हणाला, पुढचा कोण? गद्दियाहूनं पुढचं नाव पुकारलं. त्याच्या शेवटी देव होता, तो त्यानं पुरता उच्चारला.

घरी मिलकानं कौतुकानं पाय धुवायला पाणी दिलं. शाफातदादा सांगत होता, तुमच्यासारखा माणूस नाही, इतके दिवस पोटात ठेवलंत आणि नेमक्या वेळी बोललात. तो हो म्हणाला. जेवण गेलं नाही. यरुशलेममध्ये आता आपल्याला त्या नावानं हाक मारणारं कुणी उरलं नाही, हे त्याला कळत होतं, आणि ही काळजी मिटली, असंही कुठंतरी आत वाटत होतं. त्या वाटण्याची त्याला इतकी किळस आली की तो उठून गच्चीवर गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो वाट वाकडी करून पहारेकऱ्यांच्या चौकातून गेला. खांद्यावर किल्ली असल्यामुळं पहारेकरी उठून बाजूला झाले. हौदाच्या तोंडाशी कालच्या भाकरीचा एक तुकडा पडला होता, आत टाकताना चुकलेला, त्याला मुंग्या लागल्या होत्या. तो वाकला. खाली काळोख होता आणि ओल्या मातीचा थंड वास होता. सकाळची वेळ होती, ओवरीतली तीच वेळ. त्या हाकेचं उत्तर द्यायचं राहिलं होतं. शालोम, येदायो. एवढंच. काल भरसभेत जे आपोआप निघालं, ते एकदा फक्त नीट म्हणायचं, त्याला ऐकू जाईल असं, दुसऱ्या कुणाला नाही. त्यानं मागं वळून पाहिलं. पहारेकरी लांब होते, आपसात हसत होते. त्यानं तोंड हौदाशी नेलं, श्वास घेतला.

"शालोम, येदायाहू."

त्यानं स्वतः ते ऐकलं. ओठांचा चंबू अजून मोडला नव्हता. तो पुन्हा म्हणायला गेला, आणि पुन्हा तेच आलं, शेपटासकट, स्वच्छ, बापानं शिकवलं तसं. खाली चिखलात पाय हलल्याचा आवाज झाला.  मग खालून, शांतपणे:

"इथं त्या नावाचं कुणी नाही."

गद्दियाहू सरळ झाला. किल्लीनं उजवा खांदा भरून आला होता. त्यानं ती डाव्या खांद्यावर घेतली आणि तो दरबाराकडं चालू लागला.